विहाराच्या दारात थांबलेला भिक्खू : थेर चुल्लपंथक

तथागतांच्या भिक्खुसंघातील थोर शिष्यांची नावे आपल्या घरांतील लहान मुलांनाही ठाऊक असतात. सारिपुत्त, मोग्गल्लान, महाकस्सप, आनंद ही नावे वंदनेच्या आणि धम्मदेसनेच्या निमित्ताने नेहमी कानावर पडतात. परमपूज्य डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी ‘भगवान बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात नाभिक उपाली, सफाईचे काम करणारा सुनीत, अस्पृश्य मानले गेलेले सोपाक व सुप्पिय आणि कुष्ठरोगी सुप्रबुद्ध यांच्या धम्मदीक्षेच्या कथा मुद्दाम एकत्र सांगितल्या. त्यामुळे समाजाने दूर लोटलेली ही माणसेही आपल्याला जवळची झाली. त्यांच्याच पंक्तीत बसावा असा आणखी एक थेर पालि साहित्यात आहे. त्याला जातीमुळे कोणी दूर केले नव्हते. पाठांतर येत नाही एवढ्याच कारणावरून त्याला विहारातून निघून जाण्यास सांगण्यात आले होते, आणि तसे सांगणारा त्याचा सख्खा थोरला भाऊ होता. त्या थेराचे नाव चुल्लपंथक.

निवासी शाळेच्या स्मरणिकेसाठी हेच चरित्र निवडण्याचे कारण उघड आहे. आपल्याकडे मुले शिकायला येतात, राहायला येतात, आणि त्यांतील काही मुले इतरांसारखी शिकत नाहीत. अशा मुलांचे काय करायचे, हा प्रश्न अडीच हजार वर्षांपूर्वी राजगृहातील एका विहारातही उभा राहिला होता.

चुल्लपंथकांची माहिती आपल्याला वेगवेगळ्या काळांतील ग्रंथांतून मिळते. थेरगाथेत त्यांच्या नावावर दहा गाथा आहेत. हा सर्वांत जुना थर. विनयपिटकात त्यांच्याविषयी एक प्रसंग आहे. सविस्तर जीवनकथा मात्र धम्मपदाच्या व जातकाच्या अट्ठकथांमध्ये आहे, आणि त्यांना आजचे रूप श्रीलंकेत इसवी सनाच्या पाचव्या शतकाच्या सुमारास मिळाले. म्हणजे कथा आणि घटना यांत जवळजवळ हजार वर्षांचे अंतर आहे. इतिहासाच्या अभ्यासकाने हे अंतर ध्यानात ठेवून, चमत्कारांचा भाग बाजूला सारून ही कथा वाचावी. तसे वाचूनही हाती पुष्कळ काही उरते.

रस्त्यावर जन्मलेली मुले

राजगृह ही मगधाची राजधानी. तेथील एका धनाढ्य श्रेष्ठीच्या मुलीचे घरातील एका दासावर प्रेम जडले. त्या काळच्या समाजात श्रेष्ठीकन्या आणि दास यांचा विवाह अशक्य होता. उघडकीला आले तर आईवडील आपल्याला जिवंत ठेवणार नाहीत, या भीतीने दोघांनी हाती लागेल ते घेऊन घर सोडले आणि आपल्याला कोणी ओळखत नाही अशा ठिकाणी जाऊन संसार मांडला. मुलीला दिवस गेले. बाळंतपणासाठी माहेरी जावे असे तिला वाटू लागले. नवरा आज जाऊ, उद्या जाऊ असे करीत राहिला. शेवटी ती एकटीच निघाली आणि वाटेतच प्रसूत झाली. पंथ म्हणजे वाट. म्हणून मुलाचे नाव पंथक ठेवले. दुसऱ्या बाळंतपणातही अगदी असेच घडले. थोरला महापंथक झाला आणि धाकटा चुल्लपंथक, म्हणजे धाकटा वाटेवरचा.

मुले मोठी होऊ लागली. इतर मुलांना आजी-आजोबा, काका-मामा आहेत आणि आपल्याला कोणीच का नाही, असे ती आईला विचारू लागली. अखेर आईवडील त्यांना घेऊन राजगृहाला आले, नगराच्या वेशीजवळ एका धर्मशाळेत थांबले आणि श्रेष्ठीच्या घरी निरोप पाठविला. मुलीचे आणि जावयाचे तोंड पाहण्याची श्रेष्ठीची तयारी नव्हती. त्याने त्या दोघांच्या निर्वाहापुरते धन पाठवून दिले आणि नातवांना मात्र ठेवून घेतले. अशा रीतीने दोन्ही भाऊ आईवडिलांपासून तुटले व आजोळी वाढले.

हा तपशील मी मुद्दाम विस्ताराने दिला आहे. आंतरजातीय विवाहाने घर तुटणे, आईवडील एका गावी आणि मुले दुसरीकडे असणे, ही आपल्याला अनोळखी गोष्ट नाही. पाथर्डी-शेवगाव भागातील कित्येक आईवडील दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीला जातात आणि मुलांना वसतिगृहात किंवा म्हाताऱ्यांजवळ ठेवून जातात. पंथक बंधूंचे बालपण अशा मुलांच्या बालपणापासून फार दूरचे नाही.

चार महिने आणि एक गाथा

आजोबा भगवान बुद्धांचे प्रवचन ऐकायला जात तेव्हा थोरल्या नातवाला बरोबर नेत. महापंथकाचे मन धम्माकडे वळले. त्याने प्रव्रज्या घेतली, पुष्कळ बुद्धवचन कंठस्थ केले आणि पुढे तो अर्हतपदाला पोहोचला. आपल्याला लाभलेले सुख धाकट्या भावालाही लाभावे, या इच्छेने त्याने आजोबांची अनुमती घेऊन चुल्लपंथकालाही संघात आणले. त्याचा हेतू चांगलाच होता, हे विसरून चालणार नाही.

महापंथकाने त्याला शिकण्यासाठी एक गाथा दिली. चार चरणांची, तथागतांच्या तेजाला कमळाची उपमा देणारी. चुल्लपंथक पहिला चरण पाठ करी. दुसरा पाठ करू लागला की पहिला विसरे. तिसऱ्याबरोबर दुसरा जाई. असे करता करता चार महिने उलटले आणि ती एक गाथा काही त्याला येईना.

यातली अडचण किती मोठी होती हे कळण्यासाठी त्या काळची शिक्षणपद्धती समजून घ्यावी लागते. संघात तेव्हा ग्रंथ नव्हते. अशोकाचे शिलालेख या काळानंतरचे. पालि तिपिटक लेखनिविष्ट झाले ते श्रीलंकेत इसवी सनपूर्व पहिल्या शतकात. तोपर्यंत सगळा धम्म भिक्खूंच्या स्मरणात राहत होता. एकाने म्हणायचे, दुसऱ्याने ऐकायचे, सर्वांनी मिळून पठण करायचे आणि पुढच्या पिढीला सोपवायचे. त्या जगात पाठांतर न येणारा भिक्खू म्हणजे आजच्या शाळेतील अक्षरओळख न झालेला विद्यार्थीच. संपूर्ण व्यवस्था ज्या एका कौशल्यावर उभी होती, तेच त्याच्याजवळ नव्हते.

त्याच्याजवळ दुसरे काय होते, याची चौकशी चार महिन्यांत कोणी केल्याचे कथेत दिसत नाही.

विहाराचे दार

चार महिन्यांनंतर महापंथकाने निर्णय दिला. जो चार महिन्यांत एक गाथा शिकू शकत नाही, तो या शासनात पात्र नाही. त्याने विहार सोडून घरी जावे. महापंथकाकडे तेव्हा भोजनाची निमंत्रणे स्वीकारून भिक्खूंची वाटणी करण्याचे काम होते. वैद्य जीवक आम्रवनात आला आणि दुसऱ्या दिवसासाठी भगवान बुद्धांसह पाचशे भिक्खूंना त्याने भोजनाचे निमंत्रण दिले. महापंथकाने चुल्लपंथकाला वगळून बाकी सर्वांसाठी ते स्वीकारले.

हा दुसरा घाव पहिल्यापेक्षा खोल होता. शिकता येत नाही म्हणून कोणाला वर्गातून बाजूला बसविणे एक, आणि पंगतीतून त्याचे पान काढून घेणे दुसरे. ज्या समाजाला शतकानुशतके पंगतीबाहेर बसविले गेले, त्याला या दोहोंतला फरक वेगळा सांगावा लागत नाही. थेरगाथेत हा प्रसंग स्वतः चुल्लपंथकांच्या तोंडी आहे. आपली गती मंद होती, म्हणून आपली अवहेलना झाली, भावानेच आपल्याला घरी जा म्हणून सांगितले, आणि आपण विहाराच्या दाराशी खिन्न होऊन उभे राहिलो, असे ते सांगतात. संघाविषयीची ओढ त्या क्षणीही सुटली नव्हती, हेही ते नोंदवितात. थोरल्या भावाला त्यांनी तेथे एकही कठोर शब्द लावलेला नाही.

घर तरी कोणते होते? आईवडील दूर, आजोळ दुसऱ्याचे. जन्म वाटेवर झालेला हा मुलगा पुन्हा वाटेलाच लागणार होता.

पहाटे तो निघाला तेव्हा दाराजवळ भगवान बुद्ध होते. या वेळी तू कुठे निघालास, असे त्यांनी विचारले. त्याने सगळे सांगितले. तथागतांनी त्याच्या डोक्यावरून हात फिरविला, त्याचा हात धरला आणि त्याला पुन्हा आत नेले. तू माझ्या शासनात प्रव्रजित झाला आहेस, मग भावाने जा म्हटल्यावर माझ्याकडे का आला नाहीस, अशी त्यांची विचारणा होती. एवढ्या साध्या कृतीने निष्कासनाचा आदेश रद्द झाला. महापंथकाला बोलावून त्याची खरडपट्टी काढल्याचे वर्णन कथेत नाही. तथागतांनी आधी दारातल्या मुलाला आत घेतले.

फडक्याचा तुकडा

त्यानंतर त्यांनी जे केले ते अध्यापनशास्त्राच्या प्रत्येक विद्यार्थ्याने अभ्यासावे असे आहे. त्यांनी ती गाथा पुन्हा शिकविली नाही. ती चार महिने शिकवून झाली होती. त्यांनी चुल्लपंथकाच्या हातात कापडाचा एक स्वच्छ तुकडा दिला, पूर्वेकडे तोंड करून बसायला सांगितले, आणि कापड हाताने चोळीत धूळ दूर करण्याच्या अर्थाचा एकच शब्द, रजोहरण, पुन्हा पुन्हा म्हणायला सांगितले. थेरगाथेत हे कापड पाय पुसण्याचे आहे. अट्ठकथेत ते शुभ्र वस्त्र झाले आहे. जुन्या गाथेतील पायपुसणे मला अधिक खरे वाटते.

चुल्लपंथक बसला. हात चालू, तोंडाने एक शब्द चालू. ऊन वाढले. काही वेळाने त्याचे लक्ष कापडाकडे गेले. सकाळी पांढरे होते ते आता मळले होते. हाताचा मळ, घामाचा ओलावा कापडाला लागला होता. जी अनित्यता चार चरणांतून चार महिन्यांत समजली नाही ती हातातल्या फडक्यात डोळ्यांना दिसली. पुढची पायरी तथागतांनी दाखविली. कापडाला लागतो तसा मनालाही मळ लागतो. लोभ, द्वेष, मोह ही ती धूळ आहे आणि ती पुसता येते. चुल्लपंथकाला धम्म समजला.

या पद्धतीचे घटक मोजून पाहावेत. एका वेळी एकच काम. काम हाताचे, डोळ्यांना दिसणारे. सोबत एक छोटा शब्द, कामाशी जोडलेला, म्हणून न विसरणारा. बसण्याची जागा व दिशा ठरलेली. घाई करणारा कोणी नाही, तुलना करायला शेजारी कोणी नाही. आणि शेवटी त्या कामातूनच निघालेला अर्थ.

बौद्ध जगात ही कथा जिथे जिथे गेली तिथे वस्तू बदलली, पण घटक तेच राहिले. संस्कृत ‘दिव्यावदाना’त तो भिक्खूंची पादत्राणे पुसतो आणि त्याच्याबरोबर इतर भिक्खूंनीही ते दोन शब्द म्हणावेत असे तथागत सांगतात. चिनी भाषेत गेलेल्या आगमात त्याच्या हाती झाडू आहे. झाडणे आठवले की झाडू विसरतो, झाडू आठवला की झाडणे विसरतो, आणि तरी रोज अंगण झाडतो. कापड, पादत्राण, झाडू या साऱ्या दैनंदिन जीवनातल्या वस्तू आहेत.

येथे आपल्या मनात एक शंका आल्याशिवाय राहत नाही, आणि ती यावी. झाडू आणि पादत्राणे ही कामे जातीने आपल्या पूर्वजांवर लादली होती. शिकता येत नाही त्याला झाडू द्या, हा तर वर्णव्यवस्थेचाच न्याय झाला! मात्र फरक मूलभूत आहे. विहार झाडणे हे संघात प्रत्येक भिक्खूचे कर्तव्य होते, एका जातीचे नव्हते. आणि कापड हे चुल्लपंथकासाठी शिक्षणाचे साधन होते, त्याचा शेवट नव्हे. ज्या मुलाला जीवनकौशल्य शिकविण्याच्या नावाखाली आयुष्यभर केवळ अंगण झाडायला लावले जाते, त्याच्या हाती आपण कापड दिलेले नसते, वेठ दिलेली असते. हा विवेक शिक्षकाने सोडता कामा नये.

जीवकाच्या घरची पंगत

इकडे जीवकाच्या घरी भोजनाची वेळ झाली. हा जीवकही जन्मतः उकिरड्यावर टाकून दिलेला. राजपुत्र अभयाने त्याला उचलून वाढविले. पुढे तो बिंबिसार राजाचा व भगवान बुद्धांचा वैद्य झाला. टाकून दिलेल्या मुलाच्या घरच्या पंगतीतून दुसरा टाकून दिलेला वगळला गेला होता. जीवक दानाचे पाणी सोडू लागला तेव्हा तथागतांनी पात्रावर हात ठेवला. विहारात आणखी भिक्खू नाहीत काय, असे त्यांनी विचारले. महापंथकाने नाहीत म्हणून सांगितले. आहेत, असे तथागत म्हणाले, आणि जीवकाने माणूस पाठविला.

या ठिकाणी अट्ठकथा आम्रवनात हजार चुल्लपंथक दिसल्याचा चमत्कार सांगते. विवेकी वाचकाने तो काव्याचा भाग समजून सोडून द्यावा. महत्त्वाचे ते पुढे आहे. चुल्लपंथक आले, पंगतीत बसले, आणि भोजनानंतर अनुमोदनाचे प्रवचन करण्याचा मान तथागतांनी त्यांनाच दिला. काल ज्याला पानही नव्हते त्याच्या तोंडून सर्वांनी धम्म ऐकला. वगळणे जेवढे उघड होते, तेवढाच समावेशही उघड करण्यात आला.

त्या संध्याकाळी भिक्खूंमध्ये याचीच चर्चा चालली असता तथागतांनी चुल्लसेट्ठी जातक सांगितले, अशी नोंद आहे. एका गरीब तरुणाने मेलेला उंदीर मांजरासाठी विकून कवडीमोलाचे नाणे मिळविले. त्यातून गूळ घेतला, गूळपाणी देऊन माळ्यांकडून फुले मिळविली, आणि पायरीपायरीने तो श्रेष्ठी झाला. फार थोड्या भांडवलावर, पण क्रमाने आणि कोणाच्या तरी मार्गदर्शनाने माणूस उभा राहतो, हे या कथेचे तात्पर्य चुल्लपंथकांच्या जीवनाला नेमके जुळते.

एकच गाथा सांगणारा उपदेशक

लोककथांना शेवट गोड करण्याची सवय असते. मंदबुद्धी मुलगा एका दिवसात महापंडित झाला, असे सांगायला सोपे जाते. विनयपिटकाने मात्र एक वेगळी गोष्ट जपून ठेवली आहे.

सावत्थी येथे भिक्खुणींना उपदेश करण्याचे काम थेर आळीपाळीने करीत. एकदा पाळी चुल्लपंथकांची आली. भिक्खुणींमध्ये कुजबुज झाली की, आजचा उपदेश काही फळणार नाही. हे थेर तीच एक गाथा पुन्हा पुन्हा म्हणणार. आणि थेरांनी खरोखरच तीच गाथा पुन्हा पुन्हा म्हटली. पण ऐकणाऱ्या भारावून गेल्या. उपदेश अंधार पडेपर्यंत चालला, भिक्खुणी परतल्या तेव्हा नगराचे दरवाजे बंद झाले होते, लोकांनी नावे ठेवली, आणि सूर्यास्तानंतर भिक्खुणींना उपदेश करू नये असा नियम झाला.

या प्रसंगाचे मोल मोठे आहे. अर्हत झाल्यावरही चुल्लपंथकांची ओळख बहुश्रुत म्हणून नव्हती. एकच गाथा सांगणारे थेर अशीच त्यांची ख्याती होती. संघाने त्यांना बरे करून मग स्वीकारले नाही. ते जसे होते तसे त्यांचे नाव पाळीच्या यादीत ठेवले. कुजबुज करणारे तेव्हाही होते. पाळी मात्र चुकविली गेली नाही. पुढे तथागतांनी आपल्या अग्रगण्य शिष्यांची नावे सांगितली, त्यांत चित्ताच्या साधनेतील एका प्रावीण्यासाठी चुल्लपंथकांचेही नाव आहे.

सातव्या शतकात महाराष्ट्राचा प्रवास करून येथील लोकांविषयी लिहून ठेवणारा ह्युएन-त्संग आपल्या इतिहासाच्या पुस्तकांत आहेच. त्यानेच चिनीत आणलेल्या एका ग्रंथात धम्माचे रक्षण करणाऱ्या सोळा अर्हतांची यादी आहे. दहावे नाव थोरल्या पंथकांचे आणि सोळावे चुल्लपंथकांचे. चीन, तिबेट, जपानमधील विहारांत या सोळांची चित्रे व मूर्ती आढळतात. निष्कासन करणारा भाऊ आणि निष्कासित भाऊ एकाच ओळीत बसले आहेत.

पूर्वकर्माचा प्रश्न

अट्ठकथाकारांनी चुल्लपंथकांच्या मंदपणाचे कारणही दिले आहे. कस्सप बुद्धांच्या काळी ते विद्वान भिक्खू होते व त्यांनी एका मंदबुद्धी भिक्खूची थट्टा केली, म्हणून या जन्मी हे फळ मिळाले, असे ते कारण. थट्टा करू नये हा त्यातला बोध योग्य आहे. कारणमीमांसा मात्र आपण नाकारली पाहिजे. बाबासाहेबांनी आपल्या ग्रंथात पूर्वजन्मीच्या कर्माचा सिद्धांत तपासून तो बुद्धाच्या शिकवणीशी विसंगत ठरविला. गरिबाच्या दैन्याचा दोष त्याच्याच माथी मारून समाजाला व राज्याला जबाबदारीतून मोकळे करणे, हे या सिद्धांताचे काम आहे, हे त्यांनी दाखविले.

आपल्या वस्त्यांमध्ये आजही उशिरा बोलणाऱ्या, उशिरा चालणाऱ्या मुलाच्या आईला विचारले जाते की, तू कोणते पाप केलेस? दीक्षा घेतलेल्या घरांतही हा प्रश्न कधी कधी ऐकू येतो. ती आई मग मुलाला लग्नकार्यात नेत नाही, शाळेत घालत नाही. तथागतांनी विहाराच्या दारात चुल्लपंथकाला पूर्वजन्म विचारला नव्हता. या क्षणी कुठे चाललास, एवढेच विचारले होते.

आपल्या दारात

अडीच हजार वर्षांपूर्वीच्या माणसाला आजच्या वैद्यकशास्त्रातील नाव देणे इतिहासाला धरून होणार नाही. मात्र अशा मुलांकडे पाहण्याची शास्त्राची दृष्टी त्या पहाटेच्या दिशेने सरकली आहे, हे निश्चित म्हणता येते. पूर्वी बुद्ध्यांकाच्या एका आकड्यावरून मूल मतिमंद ठरे. अमेरिकेतील व्हाइनलँड येथे एडगर डॉल यांनी १९३५ साली वेगळी मोजपट्टी तयार केली. मूल पेल्याने पाणी पिते का, स्वतः जेवते का, कपडे घालते का, ओळखीच्या वाटेने एकटे जाते का, इतरांत मिसळते का, असे प्रश्न तिच्यात होते. तिचे भारतीय रूप ए. जे. मॅलिन यांनी नागपूर येथे तयार केले. ८९ बाबींची ही नागपूर आवृत्ती देशभर वापरली गेली. ज्या नगरीत १४ ऑक्टोबर १९५६ रोजी आपल्याला माणूसपण परत मिळाले, त्याच नगरीत मुलाच्या रोजच्या जगण्यातील क्षमता मोजणारी ही पट्टी घडावी, याचे मला नेहमी समाधान वाटते.

२०१६ च्या दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियमाने २१ प्रकारची दिव्यांगता मान्य केली. त्यात बौद्धिक दिव्यांगतेची व्याख्या करताना विचारशक्तीबरोबर दैनंदिन, सामाजिक व व्यावहारिक कौशल्यांचाही विचार केला आहे. शिक्षण हक्क अधिनियम, २००९ प्रमाणे प्राथमिक शिक्षण पूर्ण होईपर्यंत कोणत्याही मुलाला शाळेतून काढता येत नाही. महापंथकाचा आदेश आज बेकायदेशीर ठरेल.

विशेष शिक्षक जे तंत्र वापरतात तेही फडक्याच्या तुकड्यासारखेच साधे आहे. सदरा घालणे हे एक काम नसून दहा-बारा छोट्या कामांची साखळी आहे. ती सुटी करावी. पुष्कळदा शेवटची कडी आधी शिकवितात. सगळी बटणे शिक्षकाने लावावीत आणि शेवटचे मुलावर सोडावे, म्हणजे काम पुरे केल्याचा आनंद पहिल्याच दिवशी त्याला मिळतो. मग शेवटची दोन, मग तीन. बादलीतून मोजके पाणी घेऊन अंघोळ करणे, नाडी बांधणे, ताट धुऊन जागेवर ठेवणे, मुलींना पाळीच्या दिवसांतील स्वच्छता सांभाळणे, आपल्या गावाचे नाव सांगणे, एस.टी.ची पाटी ओळखणे, दुकानात सुटे पैसे मोजून घेणे, नकोशा स्पर्शाला नाही म्हणणे, हे सारे असेच शिकविता येते. निवासी शाळेइतकी यासाठी योग्य जागा दुसरी नाही, कारण येथे पहाटेपासून रात्रीपर्यंत जीवनच चाललेले असते.

हे मला उशिरा कळले. सुमारे तीस वर्षांपूर्वी, नोकरीच्या सुरुवातीला, मी दुसऱ्या एका निवासी शाळेत होतो. ऊसतोड कामगारांचा एक मुलगा पाचवीत होता. त्याला अक्षरे लागत नसत, रात्री अंथरूण ओले होई, इतर मुले तक्रार करीत. त्याला घरी पाठवावे असे ठरले. प्रगतिपत्रकावर तो शिकण्यास अपात्र असल्याचा शेरा मी माझ्या हाताने लिहिला. वडील कारखान्यावरून दिवसाची मजुरी बुडवून आले, काही न बोलता मुलाची पेटी उचलून घेऊन गेले. हाच मुलगा प्रार्थनेआधी सगळे माठ भरून ठेवी, आणि विहाराच्या दाराशी विस्कटलेल्या सत्तर-ऐंशी मुलांच्या चपलांमधून कोणाची कोणती हे त्याला अचूक ठाऊक असे. प्रगतिपत्रकात त्यासाठी रकाना नव्हता, म्हणून मीही तो पाहिला नाही. तो पुन्हा कोणत्याही शाळेत गेला नाही, असे पुढे त्याच्या गावच्या एका पालकाकडून समजले. पादत्राणे पुसणाऱ्या चुल्लपंथकांची कथा मी त्यानंतर पुष्कळ वर्षांनी वाचली. त्या कथेत माझी जागा कोणती होती, ते मला लगेच ओळखू आले.

महापंथक दुष्ट नव्हता. तो विद्वान होता, शिस्तीचा होता, आणि शासनाच्या भल्यासाठीच आपण हे करतो आहोत असे त्याला वाटत होते. आपल्यापैकी बहुतेक शिक्षक आणि बहुतेक पालक तसेच असतात. म्हणून या स्मरणिकेच्या वाचकांना एवढीच विनंती आहे. माजी विद्यार्थ्यांनी आपल्या वस्तीत घरी बसलेले असे एखादे मूल असेल तर त्याच्या आईवडिलांना भेटावे, दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्र काढायला जिल्हा रुग्णालयात त्यांच्याबरोबर जावे. पालकांनी आपल्या मुलाच्या शेजारी हळू शिकणारे मूल बसले तर तक्रार करू नये. आणि आम्ही शिक्षकांनी शेरा लिहिण्यापूर्वी एकदा त्या मुलाच्या हातांकडे पाहावे, ते काय करू शकतात ते शोधावे.

नमो बुद्धाय! जय भीम!